एक अधिकचा ‘य’

पडद्यावर मी पुष्कळ लग्ने लावली आहेत. काही वेळा मेलोही आहे. एका कौटुंबिक मालिकेत तर मी पहिल्या भागापासूनच स्वर्गवासी होतो. माझे सारे काम दिवाणखान्याच्या भिंतीवरील तसबिरीपुरते होते आणि तिला चंदनाचा हार घातलेला होता. पुजारी, मठाधिपती, मुलीचा वृद्ध मामा, पंचांग पाहून मान हलवणारा जोशी, अशी माणसे मी आजवर केली. या माणसांना वाक्ये अगदीच नव्हती असे नाही. मी बोललो पुष्कळदा. ऐकू आलो मात्र एकदाच. त्या एका वेळेविषयी आणि जिच्यासाठी मी ते बोललो तिच्याविषयी लिहिण्याचा विचार बरेच दिवस मनात होता. परमेश्वराच्या कृपेने आज हात स्थिर आहे, म्हणून बसलो.

मी शाळेत संस्कृत शिकवीत असे. त्याआधी वडिलांनी मला पाठशाळेत घातले होते, आणि तिथल्या गुरुजींनी व्याकरणाच्याही आधी उच्चार शिकवला. ‘अर्थ मागाहून येईल, आधी अक्षराला त्याच्या जागी बसव,’ असे ते म्हणत. अक्षर म्हणजे जे झिजत नाही ते. त्याला वाकडे करणे ही त्यांच्या लेखी देवमूर्तीला धक्का लावण्याइतकीच गोष्ट होती. त्यांचा तो धाक माझ्या जिभेत कायमचा राहिला. नोकरी लागल्यावरही सकाळी घरच्या पुढच्या खोलीत चार मुले शब्दरूपे म्हणायला येत आणि आत स्वयंपाकघरात माझी पत्नी तांदूळ निवडता निवडता ती ऐके.

ती कन्नड तालुक्यातली. शाळा फारशी झालेली नव्हती, पण कान असा होता की मुलाने कुठे ऱ्हस्वाचे दीर्घ केले की माझ्याआधी आतून आवाज येई, “पुन्हा म्हण रे बाळा, घसरलास!” मुले मला जितकी भीत नसत तितकी तिला भीत. एकदा एक जण कुरकुरला, “काकू, तुम्हाला कुठं संस्कृत येतं?” त्यावर ती म्हणाली, “मला नाही येत. पण तुझं चुकलंय, तेवढं येतं.”

नाटकाचा नाद मला शाळेच्या स्नेहसंमेलनांनी लावला. पुढे आमच्या शहरातल्या गुलमंडीजवळच्या एका हौशी मंडळात मी वृद्धाच्या भूमिका करू लागलो, तेव्हा मी स्वतः तरुण होतो. सिनेमात मात्र मी अभिनयाच्या जोरावर गेलो नाही. दौलताबादच्या किल्ल्यात एका चित्रपटाचे लोक आले होते आणि त्यांना यज्ञासमोर बसवायला असा माणूस हवा होता की ज्याला सोवळे नेसवावे लागणार नाही आणि शेंडी चिकटवावी लागणार नाही. शहरातला एक गृहस्थ अशा मंडळींना स्थानिक माणसे, बैलगाड्या, घोडे पुरवीत असे. त्याने माझे नाव सुचवले. दिग्दर्शकाने मला पाहिले आणि म्हणाला, “हे तर तयारच आहेत.” माझ्या नटपणाची सुरुवात ही अशी झाली.

त्या चित्रपटात मला एक लहानसे वाक्य होते. ते मी गुरुजींनी शिकवल्याप्रमाणे, प्रत्येक अक्षराला मान देऊन म्हटले. काही महिन्यांनी चित्रपट आमच्या गावी लागला. आम्ही दोघे दुपारच्या खेळाला गेलो. मी पडद्यावर आलो, तोंड उघडले, आणि त्यातून कुणा दुसऱ्याचाच भरड, घोगरा आवाज बाहेर पडला. पत्नीने माझा दंड धरला.

“अहो, हा कोण मेला बोलतोय तुमच्या तोंडून?”

“मलाही ठाऊक नाही.”

“पानाचा तोबरा भरलेला कोतवाल वाटतोय.”

मागच्या रांगेतले लोक हसले. मीही हसलो; पण घरी जाताना ते वाक्य मनातल्या मनात पुन्हा एकदा नीट म्हटले.

त्या परक्या आवाजाचे कारण पुढे कळले. किल्ल्यावर वारा असतो, माकडे असतात, सहलींच्या गाड्यांचे भोंगे असतात. म्हणून चित्रण झाल्यावर सारे संवाद मुंबईला एका बंद खोलीत पुन्हा भरले जात. दोन वाक्यांसाठी आमच्या गावाहून एका मास्तराला कोण बोलावणार? तिथलाच कुणी जवळ असलेला मनुष्य माझ्या ओठांकडे पाहून बोलून टाकी. त्यात कुणाचा दुष्टावा नव्हता. कामाची तशी रीतच होती. पुढेही बहुधा असेच घडत गेले. मी अधूनमधून मुंबईला, पुण्याला मालिकांसाठी जाई. पण तिथे मला मिळत ती पात्रे गप्प बसणारी असत, किंवा ढोलताशांत ज्यांचे मंत्र बुडून जातात अशी. पत्नीने याचाही खेळ करून टाकला. मालिका सुरू झाली की ती शेजारणींना सांगे, “बघू या, आज आमचे हे कुठले होतात. गेल्या खेपेला कोल्हापूरचे झाले होते.”

मला ओळखण्यात मात्र ती कधीच चुकली नाही. गर्दीच्या प्रसंगात माझा केवळ हात दिसला तरी ओळखी. एका विवाहात मी पाठमोरा होतो. सबंध प्रसंगात माझी मान तेवढी दिसली. ती म्हणाली, “हीच ती मान. कॉलर नसली की उन्हाची रेघ दिसते.” माझी सारी कारकीर्द तिने अशी तुकड्यातुकड्यांनी वेचून घेतली. दुसऱ्या कुणाला ती दिसली असेल असे मला वाटत नाही.

मग तिचे डोळे गेले. काचबिंदू फार उशिरा ध्यानात आला. आधी कडेचे दिसेनासे झाले. उंबरठ्यावर ठेच लागे, वाढताना ताटाबाहेर भात पडे आणि ती स्वतःलाच वेंधळी म्हणे. वैद्यांनी स्पष्ट सांगितले की गेलेले परत येणार नाही, उरलेले काही काळ राखता येईल. तेवढा काळही सरला. तिने हे जसे घेतले तसे मला आयुष्यात काहीही घेता आलेले नाही. देवघरापर्यंतचा मार्ग तिच्या पावलांना पाठ होता. वाती ती पूर्वीसारख्याच वळी. एकसारख्या, एका लांबीच्या. तक्रार तिने एकच केली, आणि तीही हसत.

एका संध्याकाळी माझे काम असलेली मालिका लागली होती. ती दूरदर्शन संचाजवळ पाटावर बसली होती.

“आलात का?”

“आलो.”

“काय करताय?”

“देवळाच्या पायरीवर उभा आहे. प्रसाद देतो आहे.”

“कसे दिसताय?”

“जरा जाड.”

“बोलताय का काही?”

“नाही.”

तिने संचाच्या दिशेला हात केला. मग म्हणाली, “अहो, दिसण्याचं मला आता काही नाही. तुम्हाला मी पाहून घेतलंय. पण एकदा ह्यातून तुमचा आवाज ऐकायचाय.”

“मी इथे तुझ्याजवळच बसलो आहे की. रोज ऐकतेस.”

“घरातला नव्हे. तिथला. ह्या घराबाहेर तुमचा आवाज कुणी ऐकलाच नाही हो. सगळ्यांना वाटत असेल, तुम्ही त्या कोतवालासारखेच बोलता. एकदा सगळ्यांना ऐकू जाऊ दे, आणि ते जाताना मी इथं असू दे.”

ती मागणी ऐकून मी तिच्या हातावर हात ठेवला, एवढेच. आम्हा दोघांचेही तोवर वय झाले होते. ‘एकदा’ हा शब्द आमच्यासाठी पूर्वीइतका मोकळा राहिला नव्हता.

दुसऱ्या दिवशी मी त्या माणसे पुरवणाऱ्या गृहस्थांना गाठले. तेही आता पिकले होते आणि त्यांचा बैलगाड्यांचा व्यवहार संपून मोटारींचा सुरू झाला होता. मी सांगितले, यापुढे मला असे काम द्या की ज्यात माझाच आवाज राहील. त्यांनी कपाळाला हात लावला.

“गुरुजी, घोडा मागा, हत्ती मागा, एका दिवसात उभा करतो. आवाज कुठून आणू?”

“पाहा तर खरे.”

“काकूंनी सांगितलं काय?”

मी मान डोलावली. ते म्हणाले, “मग पाहावंच लागेल.”

पुष्कळ दिवस काही झाले नाही. पावसाळा सरला, सीताफळांच्या पाट्या दौलताबादच्या रस्त्याला बसू लागल्या, तेव्हा त्यांचा फोन आला. किल्ल्याच्या पायथ्याशी एका ऐतिहासिक मालिकेचे काम सुरू होते. राजगुरूची भूमिका होती आणि एक वाक्य होते. “आणि गुरुजी, ऐका. आता जमाना बदलला. अंगरख्याच्या आत चिमटीएवढा माइक लावतात. आवाज जागेवरच घेतात. तुम्ही बोलाल तेच जाईल.”

मी पत्नीला हे सांगितले तेव्हा तिने आधी देवाला हात जोडले आणि मग विचारले, “वाक्य काय आहे?”

“अजून हातात आलेले नाही. शिष्य युद्धाला निघतो, त्याला आशीर्वाद द्यायचा आहे म्हणे.”

“मग काय, रोजचंच काम,” ती म्हणाली. पण त्या दिवशी तिने शेजारच्या तिघींना ही बातमी देऊन टाकली होती.

चित्रणाच्या ठिकाणी मला भगवी वस्त्रे दिली आणि एका तरुण मुलीने माझ्या हातात कागद ठेवला. कागदावर एकच ओळ होती: ‘आयुष्यमान भवः’.

वाचकांपैकी अनेकांना यात काही वावगे दिसणार नाही, म्हणून थोडे सांगतो. मूळ शब्द ‘आयुस्’. त्याला प्रत्यय लागून होतो ‘आयुष्मान्’, म्हणजे ज्याला दीर्घ आयुष्य आहे तो. त्यात ‘य’ एकदाच येतो, अगदी आरंभी. परंतु मराठीत आपण रोज ‘आयुष्य’ म्हणतो. त्यामुळे जिभेला वाटते की पुढेही एक ‘य’ असणारच. ही चूक मराठी जिभेला इतकी जवळची आहे की पत्रिकांवर, पाट्यांवर, भाषणांत ती सर्रास आढळते. दुसरी चूक विसर्गाची. ‘भव’ म्हणजे ‘हो’. त्याला विसर्ग दिला की ‘हो’ जातो आणि ‘संसार’ उरतो. शिष्याला ‘दीर्घायुषी हो’ म्हणायचे सोडून ‘दीर्घायुषी संसार’ म्हटल्यासारखे होते. शाळेत मी या एका शब्दावर मुलांना तासभर उभे केले आहे.

दिग्दर्शिका तरुण होती, पण वागायला फार नम्र. मी तिच्याजवळ जाऊन कागद दाखवला आणि शक्य तितक्या मृदू शब्दांत हे सांगितले. तिने नीट ऐकून घेतले.

“आजोबा, तुमचंच बरोबर असणार. पण लोकांच्या कानात ‘आयुष्यमान’ बसलंय. तुम्ही ‘आयुष्मान्’ म्हणालात तर त्यांना वाटेल, म्हाताऱ्याची जीभ अडखळली.”

“एखाद्याला तसे वाटले तर वाटू द्यावे.”

“आणि मजकूर वाहिनीकडून मंजूर होऊन आलाय. एक अक्षर बदललं तरी मला विचारावं लागतं. ऊन चाललंय.” मग, माझी अडचण दूर करावी म्हणूनच, म्हणाली, “तुम्ही असं करा, तुमच्या पद्धतीनं म्हणा. अजिबात त्रास करून घेऊ नका. आम्ही मुंबईत तेवढा आवाज बदलून घेऊ.”

मी कागद घेऊन बाजूच्या दगडावर बसलो. जवळच एक धनगर आपली मेंढरे घेऊन थांबला होता; राजाची स्वारी जाताना ती मागून हिंडताना दिसायला हवी होती. त्याने आमचे बोलणे ऐकले होते.

“महाराज, काय अडलं?”

“शब्द चुकीचा लिहिला आहे.”

“लई चुकलाय?”

“एक अक्षर जास्त आहे.”

“जास्तच हाय ना? मग काय बिघडतंय. कमी पडलं असतं तर गोष्ट येगळी.” तो आपल्या बोलण्यावर खूश होऊन हसला. “आमच्याकडं आपलं ‘औक्षवंत व्हय’ म्हणत्यात. माणूस जगतो त्येच्यावर.”

मीही हसलो. पण हसून सुटेल असा तो गुंता नव्हता. गुरुजी जाऊन कितीतरी वर्षे झाली होती, आणि तरीही मला त्यांचा चेहरा दिसत होता. सारे जग ‘आयुष्यमान’ म्हणत असताना मी कधी म्हटले नव्हते, गाफीलपणेही नाही. ती माझी लहानशी पूजा होती म्हणा. दुसऱ्या बाजूला घरी पाटावर बसलेली ती होती. शुद्ध बोललो तर ते शुद्ध अक्षर मुंबईच्या खोलीत पुसले जाणार आणि तिच्या कानावर पुन्हा एक परका मनुष्य पडणार. अशुद्ध बोललो तर आवाज तिच्यापर्यंत पोहोचणार. मी देवाचे स्मरण केले. मंत्र बिघडवायला मला कुणी सांगत नव्हते, एका पात्राचा आशीर्वाद होता. एवढा आधार मी मनाला दिला.

पाणी मागवून चूळ भरली आणि जागेवर जाऊन उभा राहिलो. तरुण नट माझ्या पायाशी वाकला. मी त्याच्या मस्तकावर हात ठेवला आणि म्हणालो, “आयुष्यमान भव.” विसर्ग मी गिळून टाकला, ते कुणाच्या ध्यानात आले नाही. तेवढे एक पावित्र्य वाचले. ‘य’ मात्र वाचवता आला नाही. दिग्दर्शिका टाळी वाजवून म्हणाली, “सुंदर! आजोबा, काय आवाज आहे तुमचा!”

घरी आल्यावर पत्नीने विचारले, “झालं?”

“झाले.”

“तुमचाच राहणार?”

“माझाच राहणार.”

तो भाग कार्तिकात लागला. आमची मुलगी शहरातच गारखेड्याला राहते; ती कामावरून परस्पर आमच्याकडे आली. शेजारणीही आल्या. पत्नीने धुतलेले लुगडे नेसले होते, आणि संचाच्या इतकी जवळ बसली होती की मुलीने तिला थोडे मागे ओढले. मी दाराशी उभा राहिलो. बसवत नव्हते.

प्रसंग आला. शिष्य वाकला. माझा हात खाली आला आणि त्या खोलीत माझा आवाज उमटला. स्वच्छ, भरलेला, किल्ल्याच्या दगडांवरून किंचित परतून येणारा. शेजारणींनी टाळ्या वाजवल्या. मुलगी उठून माझ्या पाया पडली.

पत्नी तशीच बसून होती. मग तिने मान हलवली.

“पुन्हा दुसऱ्याचाच लावला मेल्यांनी.”

“अगं आई, बाबांचाच आहे!”

“मला सांगतेस? ‘आयुष्यमान’ म्हणाला तो. तुझे बाबा झोपेतसुद्धा म्हणायचे नाहीत.”

“आई, खरंच...”

“आवाज शोधलाय मात्र सारखा. ह्यांच्या जवळ जाणारा आहे.” मग माझ्या दिशेला चेहरा करून ती म्हणाली, “जाऊ द्या. तुम्ही मनाला लावून घेऊ नका. पुढच्या खेपेला.”

मुलगी माझ्याकडे पाहत होती. मी तिला खुणेने थांबवले. शेजारणी काही न समजून उठल्या. पत्नीचा तो विश्वास अढळ होता. ज्या एका खुणेने ती मला जगातून वेगळा काढीत होती, तीच खूण मी तिच्यासाठी पुसून आलो होतो. गप्प राहिलो असतो तर तिच्या मनातला मी शुद्ध राहिलो असतो; पण तिची इच्छा अपुरी राहिली असती, आणि पुढची खेप येईल की नाही हे कुणाच्या हाती होते?

सकाळी पूजा आटोपल्यावर ती देवघराशी वाती वळत बसली होती. मुलगी रात्री राहिली होती. ती चहा करीत होती. मी जवळ जाऊन बसलो.

“कालचा आवाज माझाच होता.”

तिचे हात थांबले.

“आणि तो ‘य’?”

“तोही माझाच.”

“असं कसं?”

“कागदावर तसे लिहिले होते. बरोबर म्हटले असते तर दुसऱ्याचा आवाज लावणार होते.”

ती बराच वेळ बोटांनी कापूस चाचपीत राहिली. मला वाटले, ती दुखावली. तेवढ्यात तिचे खांदे हलू लागले. ती हसत होती. तोंडाला पदर लावून, डोळ्यांतून पाणी येईस्तोवर.

“अहो, त्या पोरांना किती उभं केलंत ह्यासाठी! एखाद्यानं काल ऐकलं असेल तर?”

“ऐकले असेलच.”

“आता येतील घरी. म्हणतील, गुरुजी, भिंतीकडं तोंड करा.”

मुलगी चहा घेऊन आली, तिला वाटले आमचे काहीतरी बिनसले. पत्नी तिला म्हणाली, “लाव गं ते पुन्हा. तुझ्या फोनवर लागतं ना?” मुलीने तो प्रसंग काढला आणि फोन तिच्या कानाशी धरला. तिने एकदा ऐकले. दुसऱ्यांदा ऐकले. तिसऱ्यांदा ऐकताना तिने दुसरा कान हाताने झाकून घेतला.

“हं,” ती म्हणाली. “तुम्हीच आहात. ‘भव’ म्हटल्यावर श्वास सोडलाय ना, तो नैवेद्य दाखवून झाल्यावर सोडता तसा. काल मी त्या ‘य’लाच अडकले, पुढचं ऐकलंच नाही.” आणि मग फोन मुलीकडे देत, “सगळ्यांनी ऐकलं म्हणायचं हे.”

“सगळ्यांनी ऐकले.”

“बरं झालं. आता मला नीट म्हणून दाखवा.”

तिने हाताने माझे पाय शोधले आणि वाकली. सणासुदीला ती अशी वाकत आली होती, आणि दर वेळी मी पिढीजात आशीर्वाद देत आलो होतो, ‘अखंड सौभाग्यवती भव.’ आमच्या घरात सुनांना, मुलींना हाच देतात. त्याचा उघडा अर्थ असा की पती असेतोवर तिचे जाणे व्हावे. हे जाणूनही मी तो उच्चारताना कधी अडलो नव्हतो. त्या सकाळी तो ओठांपर्यंत येऊन थांबला. मी तिच्या मस्तकावर हात ठेवला आणि म्हणालो, “आयुष्मती भव.”

ती वर पाहत राहिली, म्हणजे चेहरा वर करून राहिली.

“हे नवीन आहे.”

“स्त्रीलिंगी रूप आहे.”

“ते कळलं मला. उच्चारही झकास.” तिने पदर सारखा केला आणि पुन्हा कापूस हातात घेतला. “पण माझं जुनंच असू द्या. दोन्ही एकदम कसं मिळणार? तुमच्यामागं मी इथं चाचपडत काय करू?”

मुलगी आत निघून गेली. पण तिने सांगूनही त्यानंतर मी जुना आशीर्वाद दिला नाही. संक्रांतीला वाकली तेव्हाही ‘आयुष्मती’च म्हटले. तिने नुसते हूं केले.

माघात ती गेली. दुखणे मोठे नव्हते. अंगात कणकण आली, दोन दिवस पडून राहिली आणि पहाटे शांत झाली. कपाळावर कुंकू, हातात हिरवा चुडा. गल्लीतल्या बायकांनी ओटी भरून तिला नमस्कार केला. सगळ्या म्हणत होत्या, भाग्याची, भरल्या कपाळाने गेली. त्या खरेच मनापासून म्हणत होत्या, आणि शास्त्राप्रमाणेही ते तसेच आहे. मी मात्र दाराशी उभा राहून मनात एकच हिशेब करीत होतो: जन्मभर दिलेला एक शब्द आणि थोड्या महिन्यांचा दुसरा. परमेश्वराने जुना ऐकला. तिचीही तीच मागणी होती, तेव्हा त्याच्याकडे तक्रार कोणत्या तोंडाने करावी?

अजून संध्याकाळी देवापुढे बसलो की स्तोत्र म्हणताना एखादे अक्षर हेतुपुरस्सर सैल सोडून पाहावेसे वाटते. आतून कुणी ‘घसरलात’ म्हणते का, ते ऐकण्यासाठी. मी तसे करीत नाही. पण वाटते.

यंदा उन्हाळ्यात त्याच दिग्दर्शिकेचा फोन आला. ती आता चित्रपट करते आहे. आश्रमातल्या एका वृद्ध आचार्यांचे काम होते, आणि पानभर बोलणे. “आजोबा, मजकूर तुम्हीच तपासून द्या,” ती म्हणाली. “एकही अक्षर चुकलेलं नकोय. आणि आवाज तुमचाच.” चित्रण वेरूळच्या बाजूला झाले. आवाज मात्र वाऱ्यामुळे नीट आला नाही, म्हणून मला मुंबईला त्या बंद खोलीत बोलावले. जिथे माझी वाक्ये परकी माणसे बोलून टाकीत, ती खोली मी प्रथमच पाहिली. भिंतींना गाद्यांसारखे काही लावलेले, एक काच, काचेपलीकडे ध्वनीचे काम पाहणारा तरुण. माझ्या कानांवर त्याने यंत्र चढवले आणि मला माझाच श्वास ऐकू येऊ लागला.

मी पहिला परिच्छेद म्हटला. अक्षरे सारी आपापल्या जागी होती. त्या तरुणाने हात वर केला.

“आजोबा, उच्चार एकदम क्लास. पण तुम्ही स्वतःशीच बोलताय. समोर कुणीतरी बसलंय असं समजा. त्यांना ऐकू गेलं पाहिजे.”

“किती लांब बसले आहे?”

तो हसला. “ते तुम्हीच ठरवा,” म्हणाला, आणि काचेपलीकडे तांबडा दिवा लागला.